सिनेमासाठी वेशभूषा शिकायची तर काय वाचावं, आणि कसं वाचावं

प्रश्न थोडक्यात असा आहे. विचारणारी मुलगी कॉमर्सची पदवीधर आहे, शिवणकाम आईकडून शिकली आहे, आणि १८८० च्या सुमाराच्या पुण्यात घडणाऱ्या एका मराठी चित्रपटावर तिला कॉश्च्युम असिस्टंट म्हणून पहिलं काम मिळालं आहे. डिझाइनचा कोर्स करायला पैसे नाहीत. वेशभूषा, सिनेमाचा इतिहास आणि चित्रकला या तिन्हींवरची कोणती पुस्तकं आधी वाचू, कोणती विकत घेऊ, असं तिने विचारलं आहे.

वेशभूषेची म्हणून जी पुस्तकं मिळतात ती सगळ्यात शेवटी हातात घे. आधी चित्रं, मग त्या काळातल्या बायकांनी लिहिलेल्या आठवणी, मग सिनेमाचा इतिहास आणि त्यानंतर कपड्यांची पुस्तकं. हा क्रम उलटा वाटेल, पण त्याला कारण आहे.

आपल्याकडे ऐतिहासिक सिनेमातला कपडा बहुतेक वेळा आधीच्या ऐतिहासिक सिनेमातून येतो. दिग्दर्शक मोबाइलवर एखाद्या गाजलेल्या चित्रपटातला फोटो दाखवून 'असंच काहीतरी' म्हणतो. ड्रेसवाल्याच्या गोडाऊनमधून दुसऱ्याच चित्रपटासाठी शिवलेले अंगरखे भाड्याने येतात. मास्टरजींना मागचा कट पाठ असतो, तोच ते पुन्हा बेततात. यात कोणी कामचुकार नसतं, वेळ कमी असतो एवढंच. पण त्यामुळे एकाची चूक दुसऱ्याच्या अंगावर चढते आणि दहा वर्षांनी तीच परंपरा म्हणून मिरवते. तुला ही साखळी तोडायची असेल तर ती कुठून सुरू झाली ते माहीत हवं. ते कपड्यांच्या पुस्तकात सापडत नाही, चित्रकलेच्या आणि सिनेमाच्या इतिहासात सापडतं.

राजा रविवर्म्यापासूनच सुरुवात कर. त्याच्यावरचं कोणतंही बऱ्या छपाईचं पुस्तक चालेल. दमयंती, शकुंतला, सरस्वती, लक्ष्मी अशा सगळ्यांना त्याने आपल्या काळातल्या साड्या नेसवल्या आणि शिवलेल्या चोळ्या घातल्या. १८९४ मध्ये त्याचा छापखाना मुंबईत सुरू झाला, पुढे तो लोणावळ्याजवळ मळवलीला गेला, आणि या रंगीत तसबिरी घरोघरच्या भिंतींवर लागल्या. दादासाहेब फाळके मुंबईच्या जे.जे. कलाशाळेत आणि बडोद्याच्या कलाभवनात शिकले होते, छपाईच्या धंद्यात होते, आणि या छापखान्याचं कामही त्यांनी केलं होतं. १९१३ मध्ये त्यांनी 'राजा हरिश्चंद्र' काढला तेव्हा प्रेक्षकांच्या डोळ्यांसमोर देव-राजे कसे दिसतात हे आधीच पक्कं झालेलं होतं. तिथून बोलपट, कॅलेंडरं, आणि १९८७ नंतर दूरदर्शनवरच्या पौराणिक मालिका. आजही पौराणिक नायिकेचा लुक ठरवायला बसलं की टेबलावर जे येतं ते एकोणिसाव्या शतकातल्या एका चित्रकाराचं मत असतं. मत फार सुंदर आहे, माझा त्याच्यावर जीव आहे. पण ते मत आहे एवढं तुला दिसलं पाहिजे.

हे दिसायला लागण्यासाठी जॉन बर्जरचं 'वेज ऑफ सीइंग' हे छोटंसं पुस्तक वाच. १९७२ चं आहे, इंग्रजी सोपं आहे, स्वस्तात मिळतं. चित्र कोणी काढून घेतलं, कोणाला दाखवायला, त्यात कोणाची मालमत्ता मिरवली आहे, हे प्रश्न विचारायची सवय त्याने लागते. तीच सवय पुढे प्रत्येक फोटोला आणि प्रत्येक पुस्तकाला लाव.

आता तुझ्या १८८० च्या पुण्याकडे येऊ. या काळाचे फोटो मिळतात आणि तिथेच नवीन माणूस फसतो. त्या काळच्या काचेच्या प्लेटांवर मुख्यतः निळ्या-जांभळ्या उजेडाचाच परिणाम व्हायचा, लाल-पिवळ्याचा जवळजवळ नाही. म्हणून हळदीसारखा पिवळाधमक पीतांबर फोटोत गडद दिसतो आणि निळीत रंगवलेलं लुगडं फिकट. फोटोतली छटा बघून 'हे काळं, हे पांढरं' असं ठरवलंस तर सगळा रंगपट चुकेल.

याचं एक उदाहरण नीट बघ, कारण तुझ्या चित्रपटात ते येणारच. हिंदी सिनेमाने विधवेला पांढरी साडी इतकी पक्की करून दिली आहे की मराठी सेटवरही कोणी विचार न करता पांढरं काढतं. पण त्या काळच्या पुण्यातल्या ब्राह्मण घरात केशवपन झालेली बाई लाल आलवण नेसत असे, डोक्यावरून पदर, अंगात चोळी नाही. हे लाल आलवण जुन्या फोटोत काळं दिसतं. शेजारी बसलेल्या सवाशिणीची काळी चंद्रकळाही काळीच दिसते. एक संक्रांतीला हौसेने नेसायचं लुगडं, दुसरं आयुष्यभर लादलेलं, आणि फोटोत दोन्ही सारखी. फरक कळायचा तर कपाळ बघ, मनगटं बघ, पदराखाली चोळीची बाही दिसते का ते बघ. आणि पडद्यावर ते आलवण लालच दिसू दे. पांढऱ्या साडीने प्रेक्षकाला ओळखीचं दुःख मिळतं. त्या लाल रंगाने तो दचकतो, आणि दचकायलाच हवं.

ही माहिती कुठे मिळते? वेशभूषेच्या पुस्तकात क्वचित. ती मिळते रमाबाई रानड्यांच्या 'आमच्या आयुष्यातील काही आठवणी'मध्ये, लक्ष्मीबाई टिळकांच्या 'स्मृतिचित्रे'मध्ये, पार्वतीबाई आठवल्यांच्या 'माझी कहाणी'मध्ये. रमाबाईंचं पुस्तक तर थेट तुझ्या काळातलं आणि तुझ्या गावातलं आहे. कपड्यांची वर्णनं शोधत वाचू नकोस, थोडीच सापडतील. घर कसं चालतं ते वाच. सोवळ्यात कोण आहे, कोण कोणासमोर येत नाही, स्वयंपाकघरात कोण आणि माजघरात कोण, बाहेर जाताना काय बदलावं लागतं. सोवळ्यात स्वयंपाक करणारी बाई आणि तीच बाई दुपारी दळण-निवडण करताना, यांच्या अंगावर एकच लुगडं असू शकत नाही. ब्रेकडाऊनमध्ये, म्हणजे प्रसंगवार कपड्यांच्या यादीत, ते दोन वेगळे चेंज धर, दिग्दर्शकाने सांगितलं नसलं तरी.

चित्रांसाठी तुझा मुख्य माणूस चित्रकार रावबहादूर म. वि. धुरंधर. जन्म कोल्हापूरचा, १८६७ चा. जे.जे.मध्ये विद्यार्थी म्हणून आले आणि तिथेच मोठे झाले. 'कलामंदिरातील एकेचाळीस वर्षे' हे त्यांचं आत्मचरित्र जरूर मिळव. ऑटो रॉथफेल्डच्या 'विमेन ऑफ इंडिया' या १९२० च्या पुस्तकातली चित्रं त्यांची आहेत. मजकुराकडे फार लक्ष देऊ नकोस, त्यातली दृष्टी साहेबाची आहे आणि काही ठिकाणी वाचवत नाही. चित्रं मात्र सोन्यासारखी. एस. एम. एडवर्ड्सच्या 'बायवेज ऑफ बॉम्बे'साठीही त्यांनीच चित्रं काढली, आणि रस्त्यावरच्या माणसांची त्यांची पोस्टकार्डं वेगळीच. लुगडं कमरेला कुठे खोचलं आहे, ओच्याचा फुगवटा किती, काष्टा घोट्यापासून किती वर, चोळीची गाठ कुठे, हे धुरंधरांनी हाताने नीट नोंदवून ठेवलं आहे. एक चित्र घे, त्यावर ट्रेसिंग पेपर ठेव आणि फक्त निऱ्यांच्या रेषा काढ. मग आरशासमोर उभी राहून स्वतः नेसून ती रेषा तशीच पडते का बघ. पडली नाही तर नेसण कुठेतरी वेगळं आहे. शोधत राहा, सापडतं.

मराठीत आणखी एका माणसाला वाच: द. ग. गोडसे. नेपथ्यकार, वेशभूषाकार, चित्रकार आणि इतिहासाचे अभ्यासक असे एकाच वेळी सगळे. 'पोत' सावकाश वाच, पहिल्या वाचनात सगळं कळणार नाही. एखाद्या काळातली वास्तू, शिल्प, कापड, भाषा यांच्यात एकच वीण कशी दिसते, हे रंगभूमीवर हात मळवलेल्या माणसाने लिहिलं आहे. इंग्रजी पुस्तकांच्या याद्यांमध्ये त्यांचं नाव नसतं याचं मला खरंच वाईट वाटतं.

सिनेमाच्या इतिहासासाठी जाडजूड काहीतरी हवंच असेल तर आशिष राजाध्यक्ष आणि पॉल विलेमन यांचा 'एन्सायक्लोपीडिया ऑफ इंडियन सिनेमा' संदर्भाला ठेव. सलग वाचायला बार्नो आणि कृष्णस्वामी यांचं १९६३ चं 'इंडियन फिल्म' अजूनही चांगलं आहे. पण आपलं घर आधी बघ. बाबूराव पेंटर नाटकांचे पडदे रंगवता रंगवता सिनेमात आले, 'सैरंध्री' १९२० चा, 'सिंहगड' १९२३ चा. त्यांच्या हाताखाली शांताराम, दामले, फत्तेलाल तयार झाले आणि १९२९ मध्ये कोल्हापुरात 'प्रभात' उभी राहिली, १९३३ मध्ये ती पुण्याला आली. म्हणजे आपल्या सिनेमाची वेशभूषा चित्रकारांच्या हातून घडली, शिंप्याकडे ती नंतर गेली. मूकपटांच्या काळातली फिल्मसुद्धा लाल रंगाला आंधळी होती, लाल काळं उतरायचं. त्यामुळे काय नेसवायचं हे ठरवताना कापड डोळ्यांना कसं दिसतं यापेक्षा फिल्मवर कसं उतरतं हे आधी बघावं लागे. व्ही. शांतारामांचं 'शांतारामा', दुर्गाबाई खोट्यांचं 'मी, दुर्गा खोटे', हंसा वाडकरांचं 'सांगत्ये ऐका' ही तिन्ही वाच. तिघांच्या जागा वेगळ्या, स्टुडिओकडे बघणंही वेगळं, आणि नटीच्या अंगावरच्या कपड्यामागे काय काय चालतं ते त्यातून कळतं.

वाचता वाचता चित्रपटही बघ. 'संत तुकाराम' १९३६ चा आहे. आवाज बंद करून बघ, जिजाईचं लुगडं आणि सालोमालोची वेशभूषा यांवर डोळा ठेवून. एक शब्द न ऐकता कोणाच्या घरात काय शिजतं ते कळतं. २००३ च्या जानेवारीत पुण्यात लागलेल्या आगीत जुन्या नायट्रेट फिल्म्सचा मोठा साठा जळाला. त्यामुळे कित्येक चित्रपटांच्या बाबतीत स्थिरचित्रं आणि गाण्यांच्या पुस्तिका हाच काय तो पुरावा उरला आहे. त्या पुस्तिकांना रद्दी समजू नकोस.

आता कपड्यांची पुस्तकं.

यातलं मला सगळ्यात महत्त्वाचं वाटतं ते जॉन फोर्ब्स वॉटसन यांचं काम, आणि ते का केलं गेलं हे ठाऊक असेल तरच त्याचा नीट उपयोग होतो. वॉटसन लंडनला इंडिया ऑफिसात हिंदुस्थानातल्या मालाची नोंद ठेवण्याच्या हुद्द्यावर होते. १८६६ मध्ये त्यांनी हिंदुस्थानी कापडाच्या नमुन्यांचे १८ खंड तयार केले. छापलेली चित्रं नव्हेत, खऱ्या कापडाचे कापलेले तुकडे, एकूण ७००. असे वीस संच झाले, त्यातले तेरा ब्रिटनमध्ये आणि सात हिंदुस्थानात वाटले गेले. हेतू उघड होता: तिकडच्या गिरण्यांनी इथल्या माणसाला काय आवडतं ते पाहावं आणि तसंच विणून इथे विकावं. आपल्या विणकराच्या पोटावर पाय आणायला बनवलेलं हे पुस्तक आज आपल्याला आपला कपडा परत दाखवतं. सोबतच्या मजकुराच्या पुस्तकात पगडी, धोतर, साडी असे मागावरून उतरून थेट अंगावर जाणारे कपडे आणि कापून शिवायचे कपडे वेगळे धरले आहेत, लांबी-रुंदी आणि वजनं दिली आहेत. तुझ्या चित्रपटाच्या आधी जेमतेम पंधरा वर्षांचं हे सगळं आहे. याहून जवळचं तुला काही मिळणार नाही. नमुन्यांची छायाचित्रं इंटरनेटवर बघायला मिळतात. ती मोठी करून सुताची जाडी बघ, आणि मग बाजारात गेल्यावर यंत्रमागाचं गुळगुळीत कापड हातात घेऊन फरक जाणवतो का ते बघ.

वहीत याच्याच शेजारी रंगांची काही सनं लिहून ठेव. पहिला रासायनिक जांभळा रंग १८५६ चा, मंजिष्ठेच्या लालाचा रासायनिक पर्याय १८६९ च्या आसपासचा, गिरणीतून येणारी रासायनिक नीळ १८९७ ची. म्हणजे पेशवाईतल्या बाईला झगझगीत राणी रंग नको, पण १८८० मधल्या एखाद्या हौशी श्रीमंत घरात नवा विलायती रंग दिसू शकतो. आणि निळं बहुतेक अजून झाडाच्या निळीचंच. असा एखादा नवा रंग एकाच पात्राला दिलास तर त्याच्या घरी पैसा कुठून येतो हेही सांगून होतं.

डॉ. गो. स. घुर्ये समाजशास्त्रज्ञ म्हणून माहीत असतील. त्यांचं 'इंडियन कॉश्च्युम' १९५१ चं आहे आणि छायाचित्रांसाठी आजही उघडावं लागतं. डॉ. मोतीचंद्र मुंबईच्या प्रिन्स ऑफ वेल्स म्युझियमचे संचालक होते. त्यांचं 'प्राचीन भारतीय वेशभूषा' हिंदीत आहे, शिल्पं आणि जुने ग्रंथ शेजारी ठेवून लिहिलेलं, तुला भाषेची अडचण येणार नाही. रोशन अल्काझींचं 'एन्शन्ट इंडियन कॉश्च्युम' रेखाचित्रांमुळे सेटवर चटकन कामाला येतं. त्या स्वतः रंगभूमीसाठी वेशभूषा करत, त्यामुळे कुठली माहिती उपयोगाची ते त्यांना पक्कं ठाऊक आहे. ही दोन्ही तुझ्या आत्ताच्या चित्रपटाला लागणार नाहीत, पुढे लागतील. शांताल बूलांजे यांचं साड्या नेसण्याच्या पद्धतींवरचं १९९७ चं पुस्तक मात्र आत्ताच बघ. एकेक नेसण पायरीपायरीने काढून दाखवलं आहे. त्यातल्या नऊवारीच्या पद्धती घरातल्या आजीकडून तपासून घे, कारण गावागणिक आणि जातीगणिक काष्टा बदलतो आणि पुस्तकात सगळं मावत नाही. राजघराण्यांच्या कपड्यांवरची मोठमोठी चकचकीत पुस्तकं सुंदर आहेत, महागही आहेत. त्यांतून कारकुनाचं उपरणं कसं होतं ते कळत नाही, आणि तुझ्या पडद्यावर कारकूनच जास्त असणार.

बेतण्यासाठी दोन नावं. जॅनेट अर्नल्ड यांचं 'पॅटर्न्स ऑफ फॅशन' इंग्लंडच्या कपड्यांचं आहे, पण संग्रहालयातला खरा कपडा मोजून तो कागदावर कसा उतरवायचा याचा तो वस्तुपाठ आहे. आपल्याकडे बी. एन. गोस्वामींचं अहमदाबादच्या कॅलिको म्युझियममधल्या कपड्यांवरचं १९९३ चं पुस्तक बघ. अंगरख्याची कळी, बगलेतली चौकट, बंदांच्या जागा हे तिथे दिसतं. बाराबंदी म्हणून पुढे नाड्या लावलेला आणि पाठीला चेन बसवलेला सदरा जेव्हा समोर येईल, तेव्हा या पुस्तकातलं रेखाचित्र मास्टरजींसमोर ठेव. तोंडी सांगण्यापेक्षा रेघ त्यांना लवकर पटते, आणि त्यांचा मानही राहतो.

भानू अथैया यांचं 'द आर्ट ऑफ कॉश्च्युम डिझाइन' २०१० मध्ये आलं. हे विकत घे. त्या कोल्हापूरच्या, राजोपाध्ये घराण्यातल्या, वडील चित्रकार. त्या जे.जे.मध्ये शिकल्या, चित्रकार म्हणून प्रदर्शनात उभ्या राहिल्या, मासिकांसाठी फॅशनची रेखाचित्रं काढली आणि मग सिनेमात आल्या. पुस्तक फोटोंसाठी चाळू नकोस, निर्णय शोधत वाच. त्यांनी वेशभूषा केलेल्या 'आम्रपाली'चंच बघ. कथा बुद्धाच्या काळातली, म्हणजे इसवी सनापूर्वीच्या पाचव्या शतकाच्या आसपासची. वेशभूषेला आधार अजिंठ्याचा, आणि अजिंठ्याची गाजलेली भित्तिचित्रं इसवी सनाच्या पाचव्या शतकाच्या सुमाराची. मध्ये हजारेक वर्षं. याला मी चूक म्हणणार नाही. बुद्धकाळाचे कपडे दाखवणारी चित्रं उपलब्धच नाहीत, आणि अजिंठ्याने त्या चित्रपटाला एक सलग, स्वतःचं जग दिलं. मूळ शिल्प-चित्रापर्यंत जाऊन घेतलेला निर्णय आणि दुसऱ्या सिनेमातून उचललेला कपडा यांत जमीन-अस्मानाचं अंतर आहे, आणि ते पडद्यावर दिसतं.

'गांधी'साठी त्यांना जॉन मोलो यांच्यासह ऑस्कर मिळालं. तो चित्रपट पुन्हा बघताना दक्षिण आफ्रिकेतल्या बॅरिस्टरच्या सुटापासून पंचापर्यंतचा प्रवास कुठल्या कुठल्या टप्प्यांनी केला आहे ते लिहून काढ. गांधीजींनी पंचा १९२१ च्या सप्टेंबरात मदुराईला स्वीकारला, म्हणजे अंगावरचं कापड कमी होत जाणं हाच तिथे कथेचा कणा आहे. ते ऑस्कर अथैयांनी २०१२ मध्ये नीट जपलं जावं म्हणून अकादमीकडेच परत सोपवलं. आपल्याकडे चित्रपटाचे कपडे जपून ठेवायची सोय जवळजवळ नाही. ते उसवले जातात, पुन्हा रंगवले जातात, दुसऱ्याच्या मापाचे होतात. तुझ्या चित्रपटाचे स्वॉच (कापडाचे नमुन्याचे तुकडे), मापं आणि फोटो तू तरी एका फाइलमध्ये ठेव.

हॉलीवूडवरची पुस्तकं पुष्कळ आहेत. डेबोरा नाडूलमन लँडिस यांचं 'ड्रेस्ड' एखाद्या लायब्ररीत बसून बघ, विकत घेण्याची घाई नको.

जे पुस्तकात नाही ते कॅमेऱ्यासमोर शिकशील. कोरं पांढरं धोतर उन्हात कॅमेऱ्यावर 'फाटतं', म्हणजे नुसता पांढरा डाग दिसतो, म्हणून ते चहाच्या पाण्यातून काढावं लागतं. बारीक चौकडी डिजिटल कॅमेऱ्यावर लहरते. क्लोजअप जास्त असतील तर नऊवारीच्या काठापेक्षा चोळीच्या बाहीवर पैसे घाल. कॅमेरामनकडे लुक टेस्टला प्रत्येक कापडाची हातभर पट्टी घेऊन जा, आधी विचारून ठेव म्हणजे तो वेळ देतो.

पैशांचं म्हणशील तर अथैया आणि बर्जर ही दोनच आत्ता घे. मराठी आत्मचरित्रं गावातल्या वाचनालयात मिळतील, नाहीतर अप्पा बळवंत चौकात जुनी शोध. रॉथफेल्ड आणि वॉटसन यांचा मजकूर इंटरनेट आर्काइव्हवर फुकट वाचता येतो. बाकीच्यांसाठी पुण्यात लॉ कॉलेज रोडवरच्या चित्रपट संग्रहालयाच्या ग्रंथालयात जा, आत बसून वाचायला काय लागतं ते आधी फोनवर विचार. राजा केळकर संग्रहालय एकदा फक्त कापडं आणि दागिने बघायला म्हणून जा. मुंबईला आलीस तर पेडर रोडवरचं सिनेमाचं राष्ट्रीय संग्रहालय आणि फोर्टातलं छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालय एकाच दिवसात बसवू नकोस. दुसऱ्यासाठी पूर्ण दिवस ठेव, आणि पेन्सिल बरोबर घे.

शूटिंग कधी सुरू होतंय ते कळव. हाताशी महिना-दीड महिनाच असेल तर रमाबाई, धुरंधर आणि वॉटसन एवढेच धर, बाकीचं पॅक-अप झाल्यावर.